लुई अगासी : मासे ओळखणारा माणूस



आपल्या गोव्यात मोरी चिरताना तिच्या पोटात कधी कधी पूर्ण वाढलेली पिल्ले सापडतात. बाजारात मासळी कापून देणाऱ्या बायकांना त्याचे नवल वाटत नाही. कॉलेजात प्राणिशास्त्र घेतलेल्या आपल्या मुलामुलींनाही ते ठाऊक असते, कारण प्रयोगशाळेतल्या ट्रेमध्ये वर्षानुवर्षे हीच छोटी मोरी, म्हणजे स्कोलिओडॉन, पडलेली असे. डासांच्या अळ्या खाण्यासाठी विहिरीत आणि टाक्यांत सोडतात ते गप्पी मासेही अंडी न घालता पिल्लेच देतात. म्हणजे पिल्ले देणारा मासा ही गोष्ट आपल्याला परकी नाही.

पण समुद्रातला खवल्यांचा, काट्यांचा, आपला शेवटो किंवा तांबोसो असतो तसा साधा दिसणारा मासा घ्या. असे मासे गाबोळी धरतात आणि पाण्यात अंडी सोडतात, हे आपण गृहीतच धरतो. एकशेसत्तर वर्षांपूर्वी जगातल्या मोठमोठ्या मत्स्यशास्त्रज्ञांनीही ते गृहीत धरले होते. १८५३ साली अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरून आलेल्या बातमीने हा समज मोडला. त्या बातमीची शहानिशा करून त्या माशांना नाव आणि कुल देणारे शास्त्रज्ञ म्हणजे लुई अगासी. इंग्रजी स्पेलिंगात शेवटी झेड असला तरी नावाचा उच्चार अगासी असाच करतात.

थोरांच्या चरित्रांच्या या सदरात अगासींना घ्यावे की घेऊ नये, यावर आमच्यात दोन मते होती. त्यांचे ज्ञान मोठे होते, पण त्यांच्या हातून घडलेले एक कामही तेवढेच मोठ्या दोषाचे आहे. शेवटी आम्ही ठरवले की घ्यायचे तर पूर्ण घ्यायचे. चांगले तेवढे सांगून बाकीचे झाकायचे नाही.

तळ्याकाठचा मुलगा

लुई अगासींचा जन्म २८ मे १८०७ रोजी स्वित्झर्लंडमधल्या मोतिए या गावी झाला. वडील तिथल्या चर्चचे धर्मोपदेशक होते आणि आई डॉक्टरांच्या घराण्यातली. आधीची चार मुले बाळपणीच गेल्यामुळे जगलेला हा पहिलाच मुलगा. घराजवळच मोठे तळे होते. लुई आणि त्यांचा धाकटा भाऊ ओग्युस्त हाताने मासे पकडत आणि घरामागच्या दगडी कुंडात आणून सोडत. त्या कुंडातल्या माशांच्या सवयी पाहण्यात लुईंचे बालपण गेले.

मुलाने डॉक्टर व्हावे अशी घरच्यांची इच्छा होती. झुरिक, हायडेलबर्ग आणि म्युनिक या विद्यापीठांत त्यांनी वैद्यकाचा अभ्यास केला आणि १८३० साली वैद्यकाची पदवीही घेतली. मात्र मन माशांतच होते. त्याआधीच एक संधी चालून आली होती. श्पिक्स आणि मार्टिउस या दोघा जर्मन शास्त्रज्ञांनी ब्राझीलहून मासे आणले होते. श्पिक्स वारले आणि त्या माशांचे वर्णन करायचे काम अर्धवट राहिले. मार्टिउस यांनी ते या विद्यार्थ्यावर सोपवले. १८२९ साली ग्रंथ प्रसिद्ध झाला तेव्हा अगासींचे वय अवघे २२ होते. त्यांनी तो पॅरिसच्या जॉर्ज क्युव्हिए यांना अर्पण केला. क्युव्हिए हे त्या काळचे प्राणिशास्त्रातले सर्वांत मोठे नाव.

त्या अर्पणपत्रिकेचे फळ लवकर मिळाले. अगासी १८३१ च्या अखेरीस पॅरिसला गेले. क्युव्हिए यांनी या तरुणाचे काम पाहिले आणि अश्मीभूत माशांवर स्वतः जमवलेली टिपणे व चित्रे त्यांच्या हवाली केली. १८३२ च्या मे महिन्यात क्युव्हिए गेले. पैशांची अतोनात ओढाताण होती. तेव्हा प्रसिद्ध प्रवासी आणि शास्त्रज्ञ आलेक्झांडर फॉन हुम्बोल्ट यांनी पदरचे पैसे देऊन त्यांना सावरले आणि नशातेल या स्विस गावी प्राध्यापकाची जागा मिळवून देण्यासाठी खटपट केली.

१८३३ साली अगासींचे लग्न सेसिल ब्राउन यांच्याशी झाले. सेसिल उत्तम चित्रकार होत्या. अगासींच्या ग्रंथांसाठी त्यांनी माशांची चित्रे काढून दिली.

खवल्यांवरून कुळ

नशातेलमध्ये अगासींनी आपले पहिले मोठे काम तडीस नेले. १८३३ ते १८४३ या दहा वर्षांत अश्मीभूत माशांवरचा त्यांचा पाच खंडांचा ग्रंथ टप्प्याटप्प्याने बाहेर पडला. त्यात सुमारे १७०० जातींची नोंद होती.

या कामात एक अडचण होती. दगडात मासा क्वचितच पुरा मिळतो. मांस कुजून जाते, हाडे विस्कटतात, पण खवले टिकतात. म्हणून अगासींनी खवल्यांच्या घडणीवरून माशांचे चार गट केले. प्लॅकॉइड म्हणजे बारीक दातांसारखे खवले. मोरीच्या अंगावर शेपटीकडून डोक्याकडे हात फिरवला की सँडपेपरसारखे खरखरीत लागते ते हेच. गॅनॉइड म्हणजे जाड, चकचकीत लेप असलेले. सायक्लॉइड म्हणजे गोलसर, गुळगुळीत कडेचे. टीनॉइड म्हणजे कडेला फणीसारखे दाते असलेले. प्राणिशास्त्र शिकलेल्या आपल्यातल्या कित्येकांनी ही चार नावे परीक्षेसाठी घोकलेली असतील. ती वापरात आणली अगासींनी. माशांचे गट पाडण्याची ही पद्धत पुढे टिकली नाही, कारण एकाच प्रकारचे खवले दूरच्या कुळांतही सापडतात. खवल्यांची नावे मात्र टिकली.

या काळातला एक प्रसंग त्यांच्या पत्नीने लिहिलेल्या चरित्रामुळे प्रसिद्ध झाला आहे. दगडातल्या एका माशाचा आकार काही केल्या कळेना. अगासींना तो मासा स्वप्नात पूर्ण दिसला, पण जाग येताच विसरला. दुसऱ्या रात्रीही तसेच झाले. तिसऱ्या रात्री त्यांनी उशाशी कागद-पेन्सिल ठेवली आणि अंधारातच चित्र काढले. सकाळी दगड फोडला तेव्हा आतला मासा चित्राशी जुळला. डोळे मिटल्यावरही मासेच दिसावेत इतका त्यांचा ध्यास होता.

याच वर्षांत त्यांनी हिमनद्यांचाही अभ्यास केला. एके काळी युरोपचा मोठा भाग बर्फाखाली होता, हे त्यांनी १८३७ साली नशातेलच्या सभेत मांडले आणि १८४० साली ग्रंथरूपाने सांगितले. ही कल्पना त्यांच्या आधी काही जणांनी सुचवली होती, पण हिमयुग जगाला पटवून देण्यात अगासींचा वाटा मोठा. त्यासाठी ते आर हिमनदीवर एका मोठ्या दगडाच्या आडोशाला झोपडी करून राहिले आणि बर्फातल्या खोल विवरात दोर बांधून उतरलेही.

अमेरिका

१८४६ साली अगासी अमेरिकेला गेले. प्रशियाच्या राजाने प्रवासासाठी पैसे दिले होते. बॉस्टनमधली त्यांची व्याख्याने इतकी गाजली की पुढच्याच वर्षी हार्वर्डमध्ये त्यांच्यासाठी प्राध्यापकपद तयार झाले. बायको-मुले युरोपातच राहिली होती. १८४८ साली सेसिल क्षयाने गेल्या. त्यानंतर मुले वडिलांकडे अमेरिकेत आली. थोरला आलेक्झांडर तेव्हा १३-१४ वर्षांचा होता. १८५० साली अगासींनी एलिझाबेथ कॅरी यांच्याशी दुसरे लग्न केले. एलिझाबेथबाईंनी सावत्र मुलांना आपलेसे केले, घरात मुलींची शाळा चालवली आणि पुढे रॅडक्लिफ या स्त्रियांच्या महाविद्यालयाच्या त्या पहिल्या अध्यक्षा झाल्या.

अगासींची शिकवण्याची रीत निराळी होती. नव्या विद्यार्थ्याला ते दारूत बुडवून ठेवलेला एक मासा देत आणि नीट पाहायला सांगत. पुस्तक नाही, भिंग नाही. सॅम्युअल स्कडर या विद्यार्थ्याची गोष्ट अमेरिकेत अजून सांगतात. दहा मिनिटांत पाहून झाले असे त्याला वाटले. मग तास गेले. कंटाळून तो माशाचे चित्र काढू लागला, तेव्हा आधी न दिसलेल्या गोष्टी दिसू लागल्या. तीन दिवस तोच मासा त्याच्यासमोर होता. स्वतः पाहिल्याशिवाय काही मानायचे नाही, हा त्यांचा पहिला धडा होता.

कॅलिफोर्नियाचे पत्र

आता त्या माशांकडे येऊ. १८५२ च्या जून महिन्यात ए. सी. जॅक्सन नावाचे एक गृहस्थ सॅन फ्रान्सिस्को उपसागरातल्या सॉसालिटो इथे गळ टाकून बसले होते. न्याहारीपुरते मासे मिळावेत एवढाच त्यांचा हेतू होता. दोन मासे लागले. आमिषासाठी त्यांतल्या मादीचे पोट चिरले, तर आतल्या पिशवीत लहान लहान मासे! रूपाने सगळे हुबेहूब आईसारखे. पाण्यात सोडताच ते पोहू लागले. जॅक्सन यांनी ही हकीकत अगासींना कळवली.

अगासींना हे सहज पटले नाही. पिल्ले देणारे मासे त्यांना माहीत नव्हते असे नाही. मोरीच्या जातीत पिल्ले होतात हे ॲरिस्टॉटलपासून ठाऊक होते, आणि हाडांच्या माशांतही तसे काही मासे माहीत होते. पण हा मासा दिसायला अगदी रोजच्या, खवल्यांच्या, पाठीवर काटे असलेल्या समुद्री माशांसारखा होता, आणि त्या थरातल्या माशांत असे कोणी पाहिले नव्हते. मादीने पिल्ले गिळली असतील, किंवा पाहणाऱ्याची गफलत झाली असेल, अशी शंका कुणालाही आली असती. अगासींनी पुरावा मागितला. नमुने पाठवा, पिल्लांसकट पाठवा.

त्यांच्या सुदैवाने एलिझाबेथबाईंचे भाऊ थॉमस कॅरी सॅन फ्रान्सिस्कोत राहत होते. त्यांनी मासे मिळवून बॉस्टनकडे धाडले. अगासींनी ते कापून पाहिले. शंका उरली नाही. पिल्ले मादीच्या अंडाशयाच्या पिशवीतच वाढत होती.

१८५३ च्या नोव्हेंबरात त्यांनी हे मासे एका नव्याच कुलाचे म्हणून जाहीर केले. प्रजातीला नाव दिले एम्बिओटोका. ग्रीक शब्दांवरून घेतलेल्या या नावाचा अर्थ साधारणपणे पोटात जिवंत संतती बाळगणारा असा होतो. एका जातीला जॅक्सन यांचे नाव दिले, एम्बिओटोका जॅकसोनाय, आणि दुसरीला मेहुण्याचे, एम्बिओटोका कॅरिआय. न्याहारीसाठी गळ टाकणाऱ्या माणसाचे नाव शास्त्रात कायमचे राहिले ते असे.

बातमी पसरताच सॅन फ्रान्सिस्कोचे एक डॉक्टर, विल्यम गिबन्स, यांनीही १८५४ साली या कुलातल्या अनेक जातींची वर्णने प्रसिद्ध केली. त्यांतली एक तर गोड्या पाण्यातली निघाली. या कुलातली नदीत राहणारी ती एकमेव जात. आज या कुलाला एम्बिओटोसिडी म्हणतात आणि त्यात सुमारे २३ जाती मानतात. बहुतेक सगळ्या अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर आहेत, मोजक्या जपान-कोरियाच्या समुद्रात.

या माशांची घरगुती बाजूही सांगण्यासारखी आहे. नर-मादीचा संयोग एका ऋतूत होतो, पण मादी नराचे बीज महिनोन् महिने सांभाळून ठेवते आणि फलन पुढे केव्हातरी होते. पिल्लांचे पर पोटात असताना मोठे असतात आणि त्यांत रक्तवाहिन्यांचे दाट जाळे असते. त्यांतून ती आईच्या पोटातल्या द्रवातून पोषण आणि प्राणवायू घेतात. जन्मतात ती थेट पोहायला तयार. एका लहान जातीत तर नर जन्मतानाच जवळपास वयात आलेले असतात! हे बारकावे उलगडण्यात कार्ल आयगेनमान यांचे १८९० च्या दशकातले काम महत्त्वाचे. आयगेनमान हे डेव्हिड स्टार जॉर्डन यांचे शिष्य, आणि जॉर्डन अगासींचे. असा हा गुरुपरंपरेतून आलेला अभ्यास आहे.

बाप आणि मुलगा

१८५९ साली आलेक्झांडर अगासी सरकारी किनारा-मोजणीच्या कामावर पॅसिफिकच्या बाजूला गेले. तिथे त्यांनी हे मासे ताजे, रंगांसकट पाहिले. वडिलांच्या टेबलावर आले ते दारूत मुरलेले, रंग उडालेले. १८६१ साली मुलाने या माशांवर टिपण लिहिले आणि वडिलांची मांडणी बदलली. वडिलांनी एम्बिओटोका या एकाच प्रजातीत ठेवलेल्या माशांपैकी कॅरिआय या जातीसाठी त्यांनी हिप्सुरस ही नवी प्रजाती केली. अंगावर निळ्या रेघा असलेल्या लॅटरॅलिस या जातीसाठी टीनिओटोका नावाची आणखी एक केली.

मामाच्या नावाचा मासा भाच्याने वडिलांच्या घरातून काढून वेगळ्या घरात ठेवला, असे म्हणायला हरकत नाही. बापलेकांत यावरून वितुष्ट आले नाही. लुई अगासींच्या हयातीत आणि नंतरही आलेक्झांडर यांनी त्यांचे संग्रहालय सांभाळले, तांब्याच्या खाणींत कमावलेला पैसा त्यात ओतला.

लॅटरॅलिस पुढे पुन्हा एम्बिओटोकात आला, पण कॅरिआय शतकाहून अधिक काळ हिप्सुरस म्हणूनच ओळखला गेला. मग गेल्या काही वर्षांत डीएनए तपासण्याची सोय झाली. हे तिन्ही मासे एकमेकांच्या अगदी जवळचे, एकाच घरचे, असे त्यातून दिसले. म्हणजे निर्णय वडिलांच्या बाजूने लागला. रंग नाही, ताजा मासा नाही, केवळ दारूतले नमुने, आणि तरीही लुई अगासींच्या डोळ्यांनी नाते बरोबर ओळखले होते.

या कुलाचे बाहेरचे नातेही असेच बदलत गेले. घशातल्या जबड्याच्या ठेवणीवरून शास्त्रज्ञ बराच काळ या माशांना गोड्या पाण्यातल्या तिलापियाच्या आणि पोवळ्यांवर राहणाऱ्या रंगीत माशांच्या एका मोठ्या गटात धरत. डीएनएने तो गट मोडला. आता हे मासे ज्या मोठ्या शाखेत धरतात, तीत आपला विहिरीतला गप्पीही येतो. मात्र पोटात पिल्ले वाढवण्याची रीत दोघांनी आपापली, स्वतंत्रपणे कमावली.

जे त्यांनी पाहिले नाही

इथवरचे चरित्र आनंदाने सांगता येते. यापुढचे तसे नाही.

१८४६ साली अमेरिकेत आल्यावर फिलाडेल्फियाच्या हॉटेलात अगासींनी काळ्या नोकरांना प्रथमच जवळून पाहिले आणि त्यांना किळस वाटली. हे त्यांनी स्वतः आईला पत्रात कळवले. ही किळस त्यांनी मनात ठेवली नाही, तिला शास्त्राचे कपडे चढवले. माणसांचे निरनिराळे वंश निरनिराळ्या ठिकाणी स्वतंत्रपणे निर्माण झाले आणि त्यांची योग्यता सारखी नाही, असे ते १८५० पासून उघड लिहू-बोलू लागले. त्याच वर्षी दक्षिण कॅरोलायनातल्या कोलंबिया गावी त्यांच्यासाठी गुलाम स्त्री-पुरुषांची छायाचित्रे काढली गेली. त्या माणसांना कपडे उतरवायला लावले होते. त्यांना नकार देण्याची मुभा नव्हती. त्यांतल्या रेंटी आणि त्याची मुलगी डेलिया यांची नावे आज आपल्याला माहीत आहेत. ही छायाचित्रे हार्वर्डच्या संग्रहालयाच्या माळ्यावर १९७६ साली सापडली.

१८५३ च्या शेवटी अगासींनी कॅलिफोर्नियाच्या माशांचा निबंध छापला. १८५४ साली गुलामगिरीच्या समर्थकांनी काढलेल्या मानववंशांवरच्या एका जाड ग्रंथात त्यांचा लेख आला. दोन्ही कामे एकाच माणसाची, जवळजवळ एकाच वेळची. माशाच्या बाबतीत त्यांनी पत्रावर विश्वास ठेवला नाही, नमुना मागवला, कापून पाहिला आणि पुराव्यापुढे आधीचा समज सोडला. माणसाच्या बाबतीत समज आधी होता आणि पुरावा त्याच्या सोयीने गोळा केला. पुराव्याची कमतरता नव्हती. गुलामगिरीतून निसटून आलेले फ्रेडरिक डग्लस यांनी १८५४ च्या जुलैत ओहायोतल्या एका महाविद्यालयात भाषण करून अगासींसह या मंडळींची मते नावे घेऊन खोडून काढली. डग्लस यांचे ते विद्वत्तेने भरलेले भाषण हाच त्या मतांविरुद्धचा पुरावा होता. अगासींनी तो मानला नाही.

गुलामगिरी आपल्याला मान्य नाही असे ते म्हणत. तरीही १८६३ साली, मुक्त झालेल्या गुलामांचे पुढे काय करावे यावर सरकारी चौकशी चालू असताना, त्यांनी समाजात समान दर्जा देण्याविरुद्ध सल्ला दिला. त्यांच्या नावाचे वजन फार होते, म्हणून त्यांच्या शब्दांनी झालेले नुकसानही मोठे.

मराठीत आपण माशांच्या स्पीशीजनाही जाती म्हणतो आणि माणसांच्याही. शब्द एकच असल्यामुळे हा भाग लिहिताना आम्हाला जास्त लागला. जन्मावरून माणसाचा कप्पा ठरवायचा, त्या कप्प्यावरून त्याची लायकी ठरवायची, आणि वर हे निसर्गाचे किंवा देवाचे विधान आहे असे सांगायचे. हे आपल्या समाजाने फार जवळून पाहिले आहे, आणि पुरते संपलेले नाही.

शेवटची वर्षे

१८५७ साली अगासींनी वर्गीकरणावर मोठा निबंध लिहिला. प्राण्यांची कुले, प्रजाती आणि जाती या निर्मात्याच्या मनातल्या कल्पना आहेत आणि त्या बदलत नाहीत, असे त्यांचे म्हणणे होते. दोनच वर्षांनी चार्ल्स डार्विन यांचा ग्रंथ आला. डार्विन यांनी त्याची प्रत अगासींना पाठवली होती. अगासींनी उत्क्रांती शेवटपर्यंत मानली नाही. हार्वर्डमधलेच वनस्पतिशास्त्रज्ञ एसा ग्रे डार्विन यांच्या बाजूने उभे राहिले, आणि हळूहळू अगासींच्या बहुतेक शिष्यांनीही उत्क्रांती स्वीकारली. १८६५-६६ साली अगासी मोठी मोहीम घेऊन ब्राझीलला गेले, ती डार्विन यांना खोडून काढणारा पुरावा शोधण्याच्याही इराद्याने. तसा पुरावा मिळाला नाही. मासे मात्र खूप मिळाले.

यातली गंमत अशी की नाती ओळखण्यात अगासी तरबेज होते, पण नाते म्हणजे काय हेच त्यांनी मानले नाही. कॅलिफोर्नियाचे ते मासे एकमेकांसारखे का आहेत, या प्रश्नाला त्यांचे उत्तर होते की निर्मात्याने तशी योजना केली. ते एका पूर्वजाची लेकरे आहेत, हे डार्विन यांच्या वाटेने पुढच्यांनी सांगितले. कप्पा बरोबर होता, कारण चुकीचे होते.

१८५९ साली त्यांनी हार्वर्डमध्ये उभे केलेले प्राणिशास्त्राचे संग्रहालय आजही जगातल्या महत्त्वाच्या संग्रहांपैकी एक आहे. १८७१ च्या डिसेंबरात ते हॅसलर जहाजातून दक्षिण अमेरिकेला वळसा घालून निघाले आणि १८७२ च्या ऑगस्टमध्ये सॅन फ्रान्सिस्कोला पोचले. ज्या किनाऱ्यावरच्या माशांना वीस वर्षांपूर्वी नावे दिली, तो किनारा अशा रीतीने अखेरीस दिसला. १८७३ च्या उन्हाळ्यात पेनिकीज नावाच्या छोट्या बेटावर त्यांनी शिक्षकांसाठी समुद्रकाठची शाळा भरवली. तिथे स्त्री-शिक्षिकांनाही प्रवेश होता. त्याच वर्षी १४ डिसेंबरला अगासी वारले. त्यांच्या थडग्यावर आर हिमनदीवरून आणलेला एक दगड ठेवला आहे.

१९०६ च्या भूकंपात स्टॅनफर्ड विद्यापीठातला त्यांचा पुतळा डोके खाली, पाय वर असा जमिनीत रुतला. त्याचा फोटो पुष्कळ जणांनी पाहिला असेल. त्याहून बोलका बदल २००२ साली झाला. हार्वर्डच्या शेजारी केंब्रिजमध्ये अगासींच्या नावाची एक प्राथमिक शाळा होती. तिथल्याच आठवीतल्या एका विद्यार्थ्याने अगासींची वंशाविषयीची मते वाचली आणि हा विषय लावून धरला. शेवटी शाळेचे नाव बदलले आणि मारिया बाल्डविन यांचे दिले. बाल्डविनबाई काळ्या समाजातल्या. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस त्याच शाळेच्या त्या मुख्याध्यापिका होत्या. अगासींच्या मतांप्रमाणे जे कधी शक्यच नव्हते, ते त्यांच्याच नावाच्या शाळेत घडले होते.

कॅलिफोर्नियाच्या माशाला मात्र आजही अगासींनी दिलेलेच नाव चालते, आणि चालायला हवे, कारण तिथे त्यांनी नीट पाहिले होते. शाळेवरचे नाव उतरले तेही योग्यच, कारण मुलांकडे त्यांनी नीट पाहिले नव्हते. आम्हाला दोन्ही निर्णय एकमेकांविरुद्ध वाटत नाहीत.

आपल्या मंडळाच्या कार्यक्रमांत मुले थोरांची चरित्रे सांगतात, तेव्हा आपण त्यांना चांगले तेवढेच पाठ करून देतो. पुढच्या वेळी एखाद्या मुलाने किंवा मुलीने मध्येच हात वर करून अडचणीचा प्रश्न विचारला, तर तिला खाली बसवू नका. आठवीतल्या त्या विद्यार्थ्यानेही तेच केले होते. आणि मासळी बाजारात मोरीच्या पोटातून पिल्लू निघाले, तर घरच्या मुलांना सॉसालिटोच्या त्या न्याहारीची गोष्ट जरूर सांगा. पुरी सांगा.